एक किलोच्या वजनाभोवतीचा कागद

सोमवार, १ मार्च २००४. दहा लाखांचे कर्ज, दर साल साडेसात टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत, या तीन आकड्यांतून दरमहा ८,०५६ इतका हप्ता निघतो. कोणीही ताडून पाहावा असा हा हिशेब आहे. त्या सोमवारी कर्जाच्या करारावर सही करणाऱ्या गृहस्थांनी घरी आल्यावर त्याच्या पुढचा हिशेब केला होता. कराराच्या प्रतीच्या शेवटच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीने ८,०५६ गुणिले २४० असा गुणाकार मांडलेला आहे. उत्तर १९,३३,४४०. त्याखाली दोन रेघा आहेत. उत्तर बरोबर आहे.

हे आरंभीच नोंदवण्याचे कारण असे, की या गृहस्थांविषयी नातेवाईक बोलू लागले की 'बिचारे फसले' हे दोन शब्द हमखास येतात. त्यांनी जपलेली घराची फाइल मी पाहिली आहे; त्या कागदपत्रांवरून तसे म्हणता येत नाही. आपण दहा घेऊन एकोणीस फेडणार आहोत, हे त्यांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होते. पत्नीच्या आठवणीप्रमाणे तो गुणाकार संपवून ते म्हणाले होते, "घर एकदाच घेतोय, पैसे दोनदा देतोय. पण निदान किती ते कळलं."

त्यांचा धंदा वजनकाटे दुरुस्त करून त्यांची पडताळणी करण्याचा. सारा बाजार त्यांना काटेवाले म्हणे. येथेही तसेच म्हणू. आठ फूट बाय बारा फुटांचे दुकान. एका भिंतीला लागून दगडी लादी बसवलेले टेबल, त्यावर पातळी तपासायची पाणसळ कायमची ठेवलेली. दाराशी वीस-वीस किलोंची लोखंडी वजने रांगेत. छताला पंखा होता, पण गिऱ्हाईक घामाने निथळत असले तरी वाऱ्याने पारडे हलते म्हणून पडताळणी चालू असताना तो लागत नसे. लहान पितळी वजने लाकडी पेटीत, प्रत्येक वजन कागदात गुंडाळलेले. हाताचा घाम लागला की पितळ झिजते आणि वजन खोटे बोलू लागते, म्हणून कागदासकट उचलायचे, लादीवर उलगडायचे, चिमट्याने किंवा फडक्याने धरायचे आणि काम झाले की पुन्हा त्याच कागदात गुंडाळायचे, अशी त्यांची शिस्त.

दुसरी शिस्त त्याहून कडक होती. काटा कधीही एका वजनावर पास करायचा नाही. भंगारवाल्याशी या विषयावर झालेला वाद बाजारात आजही सांगितला जातो.

"एक किलोला एक किलो दाखवतोय की, काटेवाले! अजून काय पाहिजे तुम्हाला? आरती ओवाळायची का त्याची?"

"एक किलोला सगळेच खरं बोलतात. दोनशे किलो चढवू, मग बघू कोण किती पाण्यात आहे."

दोनशे किलो चढवल्यावर तो काटा नऊशे ग्रॅम कमी दाखवत होता. भंगारवाला विकत घेणारा असल्यामुळे त्याला ही चूक मानवत होती, एवढेच.

हीच काटेकोर नजर त्यांनी घर घेतानाही वापरली. तिसऱ्या मजल्यावरच्या तीन खोल्या, किंमत तेरा लाख. तीन स्वतःचे, दहा कर्जाचे. ताबा घेण्यापूर्वी त्यांनी तिन्ही खोल्यांत पाणसळ फिरवली. स्वयंपाकघराची फरशी दाराकडे तीन मिलिमीटरने उतरती निघाली. बांधकाम ठेकेदाराने आधी हसण्यावारी नेले. मग काटेवाल्यांनी त्याच्यासमोर फरशीवर एक गोटी ठेवली. गोटी संथपणे दारापर्यंत गेली आणि उंबऱ्याला लागून थांबली. ठेकेदाराने पाच हजार कमी केले. त्या सवलतीची पावती फाइलमध्ये आहे.

पहिल्या हप्त्याच्या दिवशी, ५ एप्रिल २००४ रोजी, त्यांनी ॲल्युमिनियमचा एक पत्रा कापला, त्यावर सुईने बारीक रेघा ओढून वीस ओळी आणि बारा स्तंभ आखले आणि पहिल्या चौकटीत सेंटर पंच, म्हणजे ठिपका उमटवणारा टोकदार पोलादी खिळा, ठेवून हातोडीचा एक ठोका दिला. महिन्याला एक ठिपका, ओळीला एक वर्ष. पत्रा दुकानाच्या दाराच्या आतल्या बाजूला खिळला होता. तो मी मोजून पाहिला आहे. पहिल्या दहा ओळींत एकही ठिपका चौकटीच्या मध्यापासून अर्ध्या मिलिमीटरपेक्षा अधिक सरकलेला नाही.

यानंतर बँकेकडून आलेली दोन पत्रे महत्त्वाची आहेत. पहिले मार्च २००७ चे : व्याजदर साडेसातवरून सव्वाआठ टक्के झाला आहे. दुसरे मार्च २००९ चे : दर साडेनऊ टक्के झाला आहे. दोन्ही पत्रांच्या पहिल्या पानावर, तळाशी, ठळक अक्षरांत एकच वाक्य आहे : 'आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल होणार नाही.' दुसऱ्या पत्रातील या वाक्याखाली काटेवाल्यांनी पेन्सिलीने रेघ ओढली आहे.

हे दुसरे पत्र आले त्या दिवशीचा संवाद नवरा-बायको दोघेही जवळजवळ सारखाच सांगतात, म्हणून तो विश्वसनीय मानतो.

"अगं, दर वाढला. पण हप्ता तोच."

"असं कसं? भाजीचा दर वाढला तर भाजीवाला तेवढ्याच पैशांत तेवढीच भाजी देतो का?"

"बँक आहे ती. छापून दिलंय."

"मग बरंय बाई. कुणाला तरी आपली दया आली."

भाजीचा प्रश्न योग्य होता. त्याचे उत्तर त्या दिवशी कोणीच शोधले नाही. बँकेचे वार्षिक विवरणपत्र २००७ पासून दर वर्षी येत असे; २०२३ पर्यंतची अशी सतरा विवरणपत्रे फाइलमध्ये आहेत, सगळी पाकिटे कात्रीने नीट कापून उघडलेली. प्रत्येकावर 'भरलेले हप्ते : १२' या ओळीसमोर पेन्सिलीची बरोबरची खूण आहे. त्याच्या तीन ओळी खाली 'शिल्लक मुद्दल' छापलेले आहे. तिथे एकाही वर्षी खूण नाही. मोजणी चुकत नव्हती. मोजायची गोष्ट मात्र २००७ सालीच बदलली होती.

पुढची पंधरा वर्षे सांगण्यासारखे फारसे घडले नाही, आणि कागदही तेच म्हणतात. लेक शिकली, एका दवाखान्यात रक्त तपासण्याच्या कामाला लागली, लग्न होऊन दोन रस्ते पलीकडे राहू लागली. काटेवाल्यांचा उजवा हात साधारण २०१९ पासून थरथरू लागला. पत्र्याच्या सोळाव्या ओळीपासून ठिपके मध्य सोडू लागतात. शेवटच्या दोन ओळींत तीन ठिपके चौकटीच्या रेघेवर पडले आहेत. सराफाचा काटा ज्या वजनांनी तपासतात ती तांदळाच्या दाण्याहून हलकी असतात. थरथरत्या हातातला चिमटा पारड्याला नुसता लागला तरी तासभराचे काम वाया जाते. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आणि सांगितले, की काम कमी करा.

"दोन हजार चोवीसच्या मार्चपर्यंत," ते घरी म्हणत. "दोनशे चाळिसावा ठिपका पडला की पंच खाली ठेवला."

दुकानाचा भाडेकरार ३१ मार्च २०२४ ला संपत होता. तो पुढे वाढवणार नसल्याचे त्यांनी मालकाला जानेवारीतच लेखी कळवले. मालकाने जागा मोबाइल दुरुस्त करणाऱ्या एका तरुणाला दिली आणि त्याच्याकडून अनामतही घेतली. काटेवाल्यांच्या नावावर मुदत ठेवीत तीन लाख दहा हजार होते. हप्ता संपला की त्या व्याजावर, लेकीच्या थोड्या हातभारावर आणि गरजा कमी ठेवून दोघांचे भागेल, असा हिशेब त्यांनी मांडला होता. थोडक्यात, काम थांबवता येणे त्या एका ठिपक्यावर अवलंबून होते.

तो ठिपका मंगळवार, ५ मार्च २०२४ रोजी पडला. बुधवारी सकाळी ते घराचे मूळ कागद परत घ्यायला बँकेत गेले. कर्जाच्या खिडकीवरच्या बाईंनी खाते क्रमांक टाकला.

"पण काका, अजून वेळ आहे ना."

"कसला वेळ? काल दोनशे चाळिसावा गेला."

"गेलाय की. पण तुमची मुदत तीनशे अठरा महिने आहे. सप्टेंबर दोन हजार तीस."

"माझी मुदत तीनशे अठरा? कधीपासून?"

"दोन हजार नऊपासून दिसतंय."

"बाई, मशीनला परत एकदा विचारा."

बाईंनी पडदा त्यांच्याकडे वळवला. शिल्लक मुद्दल ४,६३,८००. काटेवाल्यांनी खिशातली पेन्सिल काढली आणि पासबुकाच्या पाठीवर आकडे उतरवले. हे पासबुकही उपलब्ध आहे.

"मी भरले एकोणीस लाख तेहतीस हजार चारशे चाळीस."

"बरोबर."

"त्यातले दहा लाखांपैकी फिटले किती?"

"पाच लाख छत्तीस हजार दोनशे."

"आणि बाकीचे तेरा लाख सत्त्याण्णव हजार?"

"व्याज, काका." बाईंनी आवाज खाली आणला. "दर वाढला की दोनच वाटा असतात. हप्ता वाढवायचा, नाहीतर मुदत. तुमच्याकडून काही आलं नाही, म्हणून हप्ता तोच ठेवून मुदत वाढली. पत्र गेलंय तुम्हाला. दोन पानी."

"माझ्याकडे एकच पान आहे."

"दोन असतात."

"मी आयुष्यात कागद टाकलेला नाही."

"मग घरीच असेल बघा," बाई म्हणाल्या. त्यात टोमणा नव्हता, असे काटेवाले स्वतः आवर्जून सांगतात.

घरी येऊन त्यांनी फाइल जमिनीवर पसरली. दोन्ही पत्रांच्या पहिल्या पानांच्या डाव्या कोपऱ्यात स्टेपलच्या पिनेची दोन-दोन भोके होती. म्हणजे दुसरे पान होते आणि ते सोडवून काढलेले होते. लेक आली होती. तिने कपाट, माळा, गादीखालची जागा सगळे पालथे घातले आणि शेवटी स्वयंपाकघराच्या फरशीवर बसली.

"बाबा, या फरशीचा तीन मिलिमीटर उतार तुम्हाला दिसला. एवढ्या कर्जाचा उतार कसा नाही हो दिसला?"

"गोटी ठेवायची राहिली," ते म्हणाले.

रविवार, १० मार्चला दोघे नवरा-बायको दुकान आवरायला गेले. तेव्हा अठ्ठ्याहत्तर हप्त्यांचे काय करायचे, हे कोणालाच सुचलेले नव्हते. पण जागा रिकामी करून देणे भागच होते. पत्नी पितळी वजने जुन्या कागदांतून काढून नव्या फडक्यांत बांधत होती. पाचशे ग्रॅम, दोनशे ग्रॅम, शंभर. मग एक किलो. त्याचा कागद घड्यांवर इतका विरला होता, की तिथे चिकटपट्टी लावली होती. बाहेरच्या कोऱ्या बाजूवर शाईने '१ कि.' लिहिले होते. आतल्या बाजूवर छपाई होती आणि मधोमध तेलाचा गोल डाग.

पत्नीने कागद उजेडाकडे धरला आणि वाचू लागली. "पान दोन. व्याजदरातील बदलामुळे आपल्या कर्जाची उर्वरित मुदत दोनशे पाच महिन्यांऐवजी दोनशे अठ्ठावन्न महिने राहील. मूळ मुदतीतच, म्हणजे मार्च दोन हजार चोवीसपर्यंत, कर्ज फेडावयाचे असल्यास मासिक हप्ता नऊ हजार दोनशे सत्तावीस राहील. तीस दिवसांत लेखी न कळवल्यास आपली संमती गृहीत..."

ती थांबली. खाली एक चौकोन होता, पसंतीची खूण करण्यासाठी. तो रिकामा होता.

"अहो, हा कागद तुम्ही रोज उघडत होतात."

"मी वजन उघडत होतो," काटेवाले म्हणाले, आणि उलट्या ठेवलेल्या वीस किलोच्या वजनावर बसले.

हे पान आता माझ्या संग्रहात आहे. डागाची कड 'दोनशे अठ्ठावन्न' या आकड्याच्या वरून जाते, तरी आकडा स्वच्छ वाचता येतो. पंधरा वर्षांत, कामाचे दिवस धरले तर, तो कागद त्या लादीवर चार हजारांहून अधिक वेळा उलगडला गेला असावा. हा माझा अंदाज आहे, नोंद नाही.

त्या पानावरचा ९,२२७ चा हप्ता आणि चालू ८,०५६ यांतला फरक महिन्याला १,१७१ इतकाच होता. २००९ पासून दरमहा १,१७१ जास्त भरले असते, तर कर्ज ठरल्या दिवशी फिटले असते. ते न भरता मुदत ताणल्यामुळे शेवटपर्यंत सुमारे चार लाख दहा हजार अधिक जाणार होते. लेकीने मोबाइलवर हे गणित दोनदा केले.

"अकराशे एकाहत्तर!" काटेवाले म्हणाले. "एवढे तर मी दिले असते."

"कुठून?" पत्नीने विचारले. "त्या वर्षी हिच्या कॉलेजची फी भरायला मी बांगड्या मोडल्या, आठवतंय का?"

"दिले असते."

"कुठून ते सांगा ना."



पुढच्या आठवड्यात ते नव्या भाडेकरूला भेटले. जागा आणखी काही महिने मिळेल का, एवढेच विचारायचे होते. मोबाइलवाला ओशाळला. त्याने फर्निचरची ऑर्डर देऊन टाकली होती.

"काका, मी पण अडकलोय हो. घर बघतोय. तीस वर्षांचं कर्ज. हप्ता एकदम हलका बसतोय."

"हलका बसतोय ना? मग बँकेत जाऊन एकच विचार. दर दीड टक्क्याने वाढला, तर हप्ता किती आणि महिने किती. दोन्ही लिहून माग. नुसता हप्ता विचारू नकोस."

"का हो?"

"एक किलोला सगळेच खरं बोलतात."

मोबाइलवाल्याला त्याचा अर्थ लागला की नाही, सांगता येत नाही. त्याने मान डोलावली आणि जाताना काकांच्या मोबाइलची काच फुकट बदलून दिली.

गुरुवार, २८ मार्च २०२४. काटेवाले आणि त्यांची पत्नी दोघे बँकेत गेले. या वेळी काटेवाल्यांनी स्वतः आखलेला कागद नेला होता. काटा तपासताना ते जसा तक्ता आखत, तसाच. डावीकडे भार, उजवीकडे दाखवलेले वजन, शेवटी फरक.

"ठेव मोडून आज तीन लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर किती महिने?"

बाईंनी आकडे घातले. "तेवीस. शेवटचा तर अगदी किरकोळ, दोन हजारांच्या आसपास."

"अठ्ठ्याहत्तरचे तेवीस?"

"हो. मुद्दलच कमी झालं ना. व्याजाचे जवळजवळ एक लाख बेचाळीस हजार वाचतात."

"आणि दर आणखी दीड टक्का चढला तर?"

बाईंनी पुन्हा आकडे घातले आणि जरा नवलाने पडद्याकडे पाहिले. "तरी तेवीसच. शेवटचा थोडा मोठा होईल."

काटेवाल्यांनी तक्त्याच्या शेवटच्या रकान्यात शून्य लिहिले. "आता भार पेलतोय."

"पण काका, दुसरंही करता येतं," बाई म्हणाल्या. "तीन लाख भरा आणि मुदत आहे तशीच राहू द्या. हप्ता दोन हजार आठशेच्या आसपास येईल. तुम्ही काम बंद करताय म्हणालात ना? तुम्हाला हलकं पडेल."

हा क्षण या साऱ्या कथेत सर्वांत महत्त्वाचा आहे, आणि त्याविषयी तिघांच्याही आठवणी जुळतात. दोन हजार आठशे काटेवाल्यांना दुसऱ्या दिवसापासून काम थांबवून देत होते. त्या बदल्यात साडेसहा वर्षे आणि वर चाळीस हजार जात होते. हात टेबलावर होता आणि पेन्सिलीचे टोक कागदावर बारीक टकटक करत होते. त्यांनी पत्नीकडे पाहिले.

"हप्ता तोच ठेवा," ती बाईंना म्हणाली.

"अगं, दुकान गेलं. हात हा असा. आठ हजार कुठून..."

"घरात जागा आहे. लेकीची खोली रिकामीच आहे. चिमटा मी धरते."

"तू?"

"वीस वर्षं डबा घेऊन येत होते आणि तुमचं होईपर्यंत बाकड्यावर बसून बघत होते. पारड्याला हात लावायचा नाही, श्वास आडवा सोडायचा, पंखा बंद. सांगा अजून काय असतं ते."

बाई हसल्या. काटेवाले हसले नाहीत. त्यांनी फॉर्मवरच्या पसंतीच्या चौकोनात स्वतः खूण केली आणि दुसरे पान मागून घेतले.

दगडी लादी चार हमालांनी तिसऱ्या मजल्यावर चढवली. स्वयंपाकघर उताराचे म्हणून बाद झाले. लेकीच्या खोलीची फरशी सपाट निघाली. मोठे काटे घरी आणणे शक्य नव्हते, ते काम गेले. सराफांचे, औषध दुकानांचे आणि लेकीच्या दवाखान्यातल्या प्रयोगशाळेचे लहान काटे तेवढे उरले. पहिल्या महिन्यात पत्नीने दोन वेळा चिमट्यातून वजन सोडले आणि एकदा ते फरशीच्या सांध्यातून शोधायला दोघांना अर्धा दिवस लागला. काटेवाले ओरडले. तिने चिमटा लादीवर ठेवला आणि म्हणाली, "मग धरा तुम्ही." त्यानंतर ते ओरडले नाहीत.

गिऱ्हाइकांना ही नवी व्यवस्था पचायला वेळ लागला.

"काटेवाले, आता काकूंचा शिक्का चालणार वाटतं?" एका सराफाने विचारले.

"शिक्का माझा, हात तिचा," ते म्हणाले. "आणि माझ्यापेक्षा बरा आहे. तुमचा काटा दोन मिलिग्रॅम खातो, ते तिनं पकडलं. आता बोला."

सराफाने काटा दुरुस्तीला ठेवला.

जुन्या पत्र्याखाली दोन रिव्हेटांनी एक पट्टी जोडलेली आहे. तिच्यावर तेवीस चौकटी आहेत. या पट्टीवरचे ठिपके मी वेगळे मोजले. सगळे मध्यावर आहेत; एकही सरकलेला नाही. ते पत्नीच्या हातचे आहेत. शेवटचा गुरुवार, ५ फेब्रुवारी २०२६ चा. पुढच्या महिन्यात घराचे मूळ कागद बँकेने परत दिले. त्यांतले प्रत्येक पान काटेवाल्यांनी खिडकीशी उभे राहून मोजले, मग सही केली. त्या दिवसापासून त्यांनी नवे काम घेतलेले नाही. दोन सराफ मात्र अजूनही काकूंकडेच येतात, आणि काटेवाले दारात खुर्ची टाकून बसतात. पंखा लावू नका, एवढेच ते सांगतात.

कागदपत्रांवरून जुळवलेली अंतिम बेरीज अशी : दहा लाखांच्या कर्जापोटी बँकेला चोवीस लाख बारा हजारांहून थोडे अधिक गेले. ठेकेदाराची सवलत वजा जाता सुरुवातीचे स्वतःचे दोन लाख पंच्याण्णव हजार धरले, तर तेरा लाखांच्या घराची किंमत सत्तावीस लाख सात हजारांच्या वर पडली. कराराच्या पाठीवरचा १९,३३,४४० हा आकडा त्यांनी खोडलेला नाही. त्याच्या शेजारी नवा आकडा लिहिला आहे, आणि त्याखालीही दोन रेघा आहेत.

जे कळलेले नाही ते असे. मार्च २००७ च्या पत्राचे दुसरे पान सापडलेले नाही. इतर वजनांचे सगळे कागद मी उलगडून पाहिले आहेत. २००९ चे दुसरे पान पत्रापासून कोणी सोडवले, हे ठाऊक नाही. '१ कि.' हे अक्षर काटेवाल्यांचे आहे, पण कागद आपल्याला पत्नीने दिला असे ते म्हणतात, आणि आपण त्या पेटीला तेव्हा हातही लावत नव्हतो असे पत्नी म्हणते. गुंडाळण्यापूर्वी ते पान कोणी वाचले होते का, याचा कोणताही पुरावा नाही. वाचले असते तर त्या वर्षी त्या रिकाम्या चौकोनात या घराने कोणती खूण केली असती, यावर दोघांचे आजही एकमत नाही, आणि ते ठरवू शकेल असा कागद अस्तित्वात नाही.